१९३०च्या सोलापूर खटल्यावर कादंबरी: कोर्टातले प्रसंग कसे लिहावेत?

मंगळवारपेठ
मार्शल लॉच्या काळावर कादंबरी लिहायला घेतली आहे. घटना सोलापूरकरांना तोंडपाठ आहेत: ८ मे १९३०चा गोळीबार, मंगळवार पेठेतली जाळलेली पोलीस चौकी, पोलिसांचे खून, १२ मेपासून मार्शल लॉ (लष्करी अंमल), आणि १२ जानेवारी १९३१ला येरवड्यात मल्लप्पा धनशेट्टी, जगन्नाथ शिंदे, श्रीकिसन सारडा आणि कुर्बान हुसेन यांना फाशी. पात्रांची नावं बदलली आहेत, पण खटला अस्सल वाटला पाहिजे. शेवटच्या प्रकरणात नायक पिंजऱ्यात उभा राहून गीतेवर हात ठेवतो, सरकारी वकील त्याची उलटतपासणी घेतो, तो इंग्रज सरकारला खडे बोल सुनावतो आणि जज्ज हातोडा आपटतात. यात काय चुकतंय?

नक्कल_अर्ज
मूळ प्रसंगच चुकतोय. १९३० साली आरोपीला स्वतःच्या बचावासाठी शपथेवर साक्ष देताच येत नव्हती. ती मुभा १९५५च्या दुरुस्तीने आली. त्याआधी १८९८च्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम ३४२ होतं. सरकारी साक्षीदार संपले की जज्ज स्वतः आरोपीला विचारायचे, ‘तुझ्याविरुद्ध असा असा पुरावा आला आहे, तुझं काय म्हणणं?’ त्याला शपथ नाही आणि उलटतपासणीही नाही. खोटं उत्तर दिलं म्हणून शिक्षा नाही. आरोपीला लेखी कैफियत देता येत असे.

गीताही काढा. १८७३च्या शपथ कायद्यानुसार हिंदू आणि मुसलमान साक्षीदार ग्रंथावर शपथ घेत नसत, सत्यप्रतिज्ञा करत. हातोडा तर सिनेमातला, आपल्याकडच्या कोर्टात तो नाहीच. शांतता राखायला पट्टेवाला ओरडतो. आणि ‘माय लॉर्ड’ हायकोर्टात; सेशन्स जज्जांना ‘युवर ऑनर’.

मंगळवारपेठ
म्हणजे नायकाला तोंडच उघडता येत नाही? मग प्रकरण उभं कसं राहणार?

जुनी_गिरणी
नाट्य साक्षीदारांत आहे, तिकडे वळा. जमावाने केलेल्या खुनात सरकारला दोन गोष्टी शाबित कराव्या लागतात: हा माणूस तिथे होता, आणि जमावाचा समान उद्देश काय होता. तेव्हाच्या दंड संहितेच्या कलम ३०२ला (खून) १४९ (बेकायदा जमाव) जोडलं की कोणाचा घाव लागला हे सिद्ध करायची गरज उरत नाही. म्हणून सगळा भार ओळख परेडवर येतो. परेड उशिरा झाली, आरोपी आधीच साक्षीदाराला चौकीत दिसला, रांगेत त्याच्यासारख्या अंगकाठीची माणसं उभी केली नाहीत, अशा फटीत बचावाचा वकील बोट घालतो. मॅजिस्ट्रेटपुढे प्रक्रिया संहितेच्या कलम १६४खाली कबुलीजबाब झाला असेल तर वकील तो कागद उलटून खालचा दाखला वाचतो. कबुली देणं तुझ्यावर बंधनकारक नाही हे आरोपीला समजावलं, असं मॅजिस्ट्रेटने तिथे लिहिलंय का, हे तो पाहतो.

साक्षीदार उलटला की सरकारी पक्ष कोसळला, असं मात्र दाखवू नका. सेशन्सच्या आधी कमिटल मॅजिस्ट्रेटपुढे (खटला सेशन्सकडे पाठवणारा मॅजिस्ट्रेट) साक्षी व्हायच्या, आणि कलम २८८ने जज्ज ती जुनी जबानी पुरावा म्हणून घेऊ शकत. आज साक्षीदार रडत ‘मी ह्याला पाहिलंच नाही’ म्हणतो, आणि त्याचंच खालच्या कोर्टातलं वाक्य वाचून दाखवलं जातं. तेच वाक्य आरोपीच्या गळ्याशी येतं. माझ्या मते तुमच्या कादंबरीचा कणा इथे आहे.

मुद्देमालाचा प्रसंग घेतलात तर सावकाश घ्या. कापडाची पुडी, दोऱ्याची गाठ, गाठीवर लाखेचं सील, चिठ्ठीवर पंचांच्या सह्या. एखाद्या पंचाची सही नसते, तर ‘नि. डा. हा. अंगठा’ (निशाणी डाव्या हाताचा अंगठा) असं लिहून शाईचा ठसा असतो. आधी सील शाबूत असल्याचं दाखवायचं, मगच गाठ सोडायची, मग वस्तूला निशाणी क्रमांक.

दुभाषी_सोलापूर
भाषा विसरू नका. गिरणगाव मराठी, कानडी, तेलुगू, उर्दू बोलणारं, आणि जज्ज टिपण करणार इंग्रजीत. ‘मारा’ हा एकच शब्द घ्या. मराठीत त्याचा अर्थ ठोका असाही होतो आणि जीव घ्या असाही. कानडीत ठोकायला ‘होडी’ आणि जीव घ्यायला ‘कोल्लु’, दोन वेगळे शब्द. दुभाष्याने इंग्रजीत कोणता शब्द दिला, यावर जमावाचा उद्देश ठरतो आणि माणूस फासावर जातो किंवा वाचतो. वकिलाने तिथे हरकत घेतली तर तुमच्या नायकाच्या भाषणाहून ते जास्त लागेल.

नक्कल_अर्ज
वा, हा मुद्दा फार मोलाचा.

आणखी एक गल्लत नेहमी होते. मार्शल लॉची कोर्टं वेगळी. झेंडा धरला, हुकूम मोडला म्हणून झटपट शिक्षा देणारी. त्या शिक्षांच्या वैधतेचा प्रश्न मुंबई हायकोर्टाच्या फुल बेंचपुढे गेला होता. पोलिसांच्या खुनाचा खटला मात्र सेशन्समधला. दोन्हींचा काला करू नका, ३० जूनला मार्शल लॉ उठला हेही ध्यानात असू द्या.

कागदांसाठी मुंबईत एल्फिन्स्टन कॉलेजच्या इमारतीत राज्य पुराभिलेखागार आहे. तिथे गृह खात्याच्या ‘स्पेशल’ शाखेच्या फायली मागा. शोधताना ‘शोलापूर’ हे जुनं स्पेलिंग वापरा, नाहीतर अर्धं हाती लागणार नाही. देशी भाषेतले अर्ज मोडीत निघू शकतात, वाचणारा सोबत न्या. आधी हायकोर्टाचा छापील निकाल वाचा. त्यात पुराव्याची चर्चा क्रमाने असते, आणि ज्यूरी होती की असेसर (जज्जांना मत देणारे सल्लागार) हेही कळतं. असेसर असतील तर जज्ज प्रत्येकाला त्याचं मत तोंडी विचारत, पण त्याला बांधील नसत.

मंगळवारपेठ
निकालानंतर लगेच येरवडा दाखवला तर चालेल?

नक्कल_अर्ज
नाही. त्या संहितेच्या कलम ३७४ने फाशी हायकोर्टाने कायम केल्याशिवाय देता येत नसे, आणि त्या हुकमावर दोन न्यायाधीशांच्या सह्या लागत. आरोपीला अपिलाला तेव्हा फक्त ७ दिवस. शिक्षा सुनावल्यावर ती मुदत जज्जांनीच त्याला सांगायची असे. पुकारा, शिक्षा, आणि लगेच त्याच आवाजात ‘अपील करायचं तर ७ दिवसांत कर’. तो आकडा ऐकताना नायकाच्या आईला काय समजलं, ते लिहा.