सिंधुदुर्ग किल्ल्याजवळचं स्नॉर्केलिंग पाच वर्षं बंद ठेवावं का?

घोडबंदरवाला (धागा सुरू करणारा)

सोसायटीतली चार कुटुंबं मिळून सुट्टीत मालवणला गेलो होतो. स्नॉर्केलिंगसाठी, म्हणजे तोंडात नळी धरून तरंगत पाण्याखालचं बघायला, किल्ल्याच्या बाजूला उथळ पाण्यात होडी थांबली, नांगर थेट खाली सोडला. ज्यांना पोहता येत नव्हतं त्यांना सांगण्यात आलं, "घाबरू नका, खाली दगड आहे, उभे राहा." तो दगड म्हणजे जिवंत प्रवाळ होतं. शिवाय फोटोत मासे यावेत म्हणून पाण्यात पाव कुस्करून टाकणं चालूच.

मालवणला 1987 पासून सागरी अभयारण्य आहे, जवळपास 29 चौरस किलोमीटरचं. दगडी प्रवाळं वन्यजीव कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत येतात, म्हणजे कागदावर तरी वाघाच्या पंक्तीत. ताडोबात वाघाच्या पाठीवर उभं राहून कुणी सेल्फी काढेल का?

पोरायटीससारखं गोलाकार प्रवाळ वर्षाला साधारण एक सेंटिमीटर वाढतं. नांगराच्या एका फटक्यात किती वर्षं फुटतात ते ज्याचं त्याने बघावं. पर्यटक-डायव्हरांमुळे मालवणच्या प्रवाळांची मोडतोड होते, असा शोधनिबंध गोव्याच्या राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेच्या शास्त्रज्ञांनी 2020 मध्ये छापला, त्यामुळे हे एकट्या माझ्या डोळ्यांचं निरीक्षण नाही.

थायलंडने माया बे हा जगप्रसिद्ध किनारा 2018 च्या जूनमध्ये बंद केला, तो थेट जानेवारी 2022 मध्ये उघडला. मधल्या काळात तिथे प्रवाळं लावली, आणि काळ्या टोकाच्या परांचे शार्क उथळ पाण्यात परत दिसू लागले. मालवणातही पाच वर्षं पूर्ण बंदी हवी. बोला.

मालवणी_घणसोलीत

इथे चौदाव्या मजल्यावर बसून बंदी मागायला काय जातंय! 1987 मध्ये अभयारण्य जाहीर झालं तेव्हा मच्छीमारांचा विरोध होता, तो पुढे कित्येक वर्षं धुमसत राहिला. मग मोठ्या पर्ससीन जाळीवाल्यांनी आणि रात्री एलईडीचे दिवे लावून मासे ओढणाऱ्यांनी मासळी उपसली. एलईडीच्या मासेमारीवर 2017 पासून बंदी आहे म्हणे. रात्री किनाऱ्यावर उभे राहा, उजेड मोजता यायचा नाही. रापणीत, म्हणजे किनाऱ्यावरून ओढायच्या जाळ्यात, काही उरलं नाही म्हणून पोरं पर्यटनात आली. माझ्या चुलतभावाने कर्ज काढून होडी घेतली. आता तीही बांधून ठेवायची?

आणि "दादा, चारशे जास्त होतात, तीनशेत करा ना" असं म्हणणारे कुठले असतात? भाव पाडायचा आणि वर गाईडने प्रत्येकाला दहा मिनिटं प्रवाळाचं शिक्षण द्यावं अशी अपेक्षा. तीनशेत नांगरच मिळतो.

सागर_नेरूळ

दोघेही मुख्य गोष्ट सोडून भांडताय. प्रवाळ मरतंय ते पाय लागून कमी आणि उष्णतेने जास्त.

प्रवाळाच्या शरीरात सूक्ष्म शैवाल राहतं. ते उन्हावर अन्न तयार करतं, प्रवाळाचं बहुतेक पोट त्यावरच भरतं आणि रंगही त्याचाच. पाणी नेहमीच्या कडक उन्हाळ्यापेक्षा जेमतेम एक अंश जास्त तापलं आणि काही आठवडे तसंच राहिलं, की हे शैवाल बाहेर टाकलं जातं. खाली उरतो पांढरा सांगाडा आणि त्यावरचा पारदर्शक, उपाशी जीव. यालाच ब्लीचिंग म्हणतात. पाणी लवकर निवलं तर तो वाचतो, नाहीतर भूकबळी.

ब्लीचिंगच्या चौथ्या जागतिक लाटेची घोषणा एप्रिल 2024 मध्ये झाली. त्याआधी 2016 साली ऑस्ट्रेलियाच्या ग्रेट बॅरियर रीफचा (रीफ म्हणजे प्रवाळांचा खडक) सगळ्यात जास्त भाजलेला भाग कुठला? उत्तरेकडचा, सर्वांत दुर्गम. तिथे पाव कोण टाकत होतं? बंदी घालून आपल्याला काहीतरी केल्याचं समाधान मिळेल, बस.

घोडबंदरवाला

म्हणजे जग तापतंय म्हणून आपण प्रवाळावर नाचायचं? तापलेल्या माणसाला कुणी धक्के मारत नाही.

वर्तकनगरची_ताई

सागर, तुझं अर्धं बरोबर आहे. लक्षद्वीप बघ. 1998 च्या ब्लीचिंगनंतर तिथली बरीच प्रवाळं मेली, पण पुष्कळ ठिकाणी ती पुन्हा उभी राहिली. एक कारण असं सांगतात की तिथली मासेमारी मुख्यतः गळाने ट्यूना पकडण्याची, त्यामुळे रीफवरचे पोपटमासे, सर्जनमासे फारसे कुणी मारले नव्हते. मेलेल्या प्रवाळावर शेवाळ माजतं आणि प्रवाळाच्या नव्या पिल्लांना चिकटायला जागाच उरत नाही. हे मासे तेच शेवाळ खरवडून साफ ठेवतात. तेव्हा स्थानिक पातळीवर काही केल्याने फरक पडतच नाही, हे मला मान्य नाही.

पण पुढचंही सांगते, नाहीतर एकतर्फी होईल. 2010 आणि 2016 ला पुन्हा मार बसला, आणि 1998 ते 2022 या काळात तिथलं जिवंत प्रवाळाचं आच्छादन जवळजवळ निम्म्यावर आलं. दोन आजारपणांमधला वेळच कमी होत चाललाय. त्यामुळे घोडबंदरवाले, पाच वर्षं बंद ठेवून सहाव्या वर्षी जत्रा भरवायची असेल तर उपयोग शून्य. माया बे उघडल्यावरही होड्यांना पुढच्या बाजूने आत येऊ देत नाहीत, मागच्या बाजूला उतरवतात, आणि पोहायलाही मनाई ठेवली. ते वाक्य तुमच्या पोस्टमध्ये नाही.

कळव्याचा_इंजिनियर

एवढी चर्चा कशाला? कोस्टल रोडच्या वेळी वरळी-हाजीअलीची प्रवाळं उचलून दुसरीकडे बसवलीच ना? मालवणची पण हलवा, स्नॉर्केलिंगची जागा मोकळी ठेवा.

सागर_नेरूळ

2020 मध्ये हलवल्या त्या 18 वसाहती. भरती-ओहोटीच्या डबक्यांत, गढूळ पाण्यात तगणाऱ्या चिवट जाती, आणि रस्ता तिथून जाणार हे ठरलेलंच होतं म्हणून केलेला उद्योग. मालवणातही संयुक्त राष्ट्रांच्या प्रकल्पात चौकटींवर प्रवाळाचे तुकडे लावून झालेत. तुकडे लावता येतात, पण समुद्र थंड करता येत नाही. आणि हलवून ठेवणार कुठे? खडकाळ उथळ तळ, बऱ्यापैकी स्वच्छ पाणी या अटी जिथे जुळतात तिथे ती आधीच आहेत. आपल्या ठाणे खाडीत का नाहीत? चिखल.

मालवणी_घणसोलीत

ताईंचं म्हणणं ऐकण्यासारखं आहे. रागाने लिहिलं असलं तरी प्रवाळ राहावं असं आम्हालाही वाटतं. गोबरा, तांबोशी हे मासे त्याच खडपात असतात, आजोबांच्या पिढीपासून माहीत आहे.

मग बंदीऐवजी हे करा. ऐरोलीच्या किनारी जैवविविधता केंद्रातून फ्लेमिंगो बघायला होडी जाते: बुकिंग, ठरलेल्या जागा, भरतीची वेळ. पक्ष्यांमध्ये उतरून कुणी उभं राहत नाही आणि कुणाची तक्रारही नसते. मालवणातही तसंच. तळाला कायमचे बोये, म्हणजे तरंगते पिंप, बांधा, होडी बोयाला लावायची, नांगर टाकला तर दंड. एका बोयाला एका वेळी एकच होडी. पोहता येत नसेल त्याने ट्यूबला धरून तरंगावं, पाय खाली टेकवायचा नाही. पाव बंद. दर सरकारने ठरवून द्यावा, म्हणजे घासाघीस करणाऱ्यांचंही तोंड बंद. आणि बोयांचा खर्च वनखात्याने करावा, होडीवाल्याच्या माथी मारू नये.

घोडबंदरवाला

बोये मान्य. पण दंड कोण घेणार? समुद्रात वनरक्षक दिसला का कधी? पूर्ण बंदीचा एक फायदा असतो, होडी दिसली की गुन्हा दिसला. नियमांच्या यादीत पळवाटा असतात. निदान वर्षातले काही महिने तरी विश्रांती द्या.

मालवणी_घणसोलीत

देतोच की. मेच्या शेवटच्या आठवड्यापासून ऑगस्टअखेर होड्या वर काढलेल्या असतात.

वर्तकनगरची_ताई

ती विश्रांती चुकीच्या वेळी मिळते. पावसाळ्यात गड नदी आणि कर्ली नदी गाळ घेऊन येतात, म्हणजे तेव्हाही प्रवाळाला ताण असतोच. आपल्याकडे समुद्र सर्वांत तापतो एप्रिल-मेमध्ये आणि नेमकी तेव्हाच शाळांना सुट्टी. थायलंडने 2011 मध्ये ब्लीचिंग झालेल्या काही डायव्हिंगच्या जागा तेवढ्यापुरत्या बंद केल्या होत्या. हैदराबादची इन्कॉइस ही संस्था आपल्या देशातल्या रीफसाठी उपग्रहावरून ब्लीचिंगचे इशारे देते. मालवणसाठी इशारा आला की पाण्यात उतरणं बंद, उतरला की चालू. दर वर्षी नाही, फक्त ज्या वर्षी पाणी तापेल त्या वर्षी.

मालवणी_घणसोलीत

ताई, मे म्हणजे आमची अर्ध्या वर्षाची कमाई. तोच महिना मागताय.

सागर_नेरूळ

मला हे पटतं. बंदी फक्त पाण्यात उतरण्यावर ठेवा. किल्ला, डॉल्फिन, त्सुनामी आयलंड नावाचं वाळूचं बेट, सगळं चालू राहू द्या, होडी फिरतीच राहील. आणि त्या काळातली भरपाई बाकीच्या वर्षभर घेतलेल्या प्रवेशशुल्कातून द्या.

मालवणी_घणसोलीत

भरपाई आधी, मग इशारा. आणि इशारा आल्यावर आगाऊ भरलेले पैसे परत मागायला पहिला फोन ठाण्यातूनच येईल. ते कोण देणार, हे पण नियमात लिहा.