मदत हवी आहे: 'गंगाजल' तेव्हा नागपुरात कुणी पाहिला होता का?

नमस्कार मंडळी. प्रकाश झा यांचा 'गंगाजल' (2003) आमच्या वाचनालयात दाखवून चर्चा ठेवतोय. त्यात पोलीसच गुंडांचे डोळे फोडून वर अ‍ॅसिड ओततात. धागा बिहारमधल्या भागलपूरचा, 1979-80 चा; तिथे पोलिसांनी खरंच संशयितांना असं आंधळं केलं होतं. अजय देवगणचा एसपी मात्र कायद्याची बाजू सोडत नाही. माझ्या मते सिनेमाचा जीव तिथेच आहे.

वर्षभराच्या आतच, 13 ऑगस्ट 2004 ला, आपल्या जिल्हा न्यायालयात जमावाने कस्तुरबा नगर वस्तीतल्या अक्कू यादव या गुंडाला ठार केलं. कस्तुरबा नगरच्या बायांनी त्याच्यापायी किती सोसलं, ते बाजूला ठेवून ही चर्चा होऊच शकत नाही.

थिएटरात पाहिलेल्यांनी सांगा ना, अ‍ॅसिडच्या सीनला टाळ्या पडल्या होत्या का? 2004 च्या मराठी पेपरांची कात्रणं असतील तर कृपया फोटो टाका.