सयाजीरावकालीन वडोदऱ्यातील काल्पनिक ‘वातशास्त्री’: चरित्र आणि वारसा कसा रचावा?

प्रश्न (वडोदरा)

सप्रेम नमस्कार. मी एका दीर्घकथेची जुळवाजुळव करीत आहे. तिचा नायक वाऱ्याच्या विद्येचा पंडित असून सर्वस्वी काल्पनिक आहे. शहरात त्याला सारे ‘वातशास्त्री’ म्हणतात. सयाजीराव महाराज गादीवर आले त्या १८७५ साली त्याचा जन्म आणि महाराज गेले त्या १९३९ साली त्याचा मृत्यू, एवढा आराखडा ठरला आहे. त्याची विद्या कोणत्या ग्रंथांवर उभी करावी, म्हणजे ती परदेशी जादूगाराची उसनवारी वाटणार नाही? आणि त्याच्यामागे काय उरले असे दाखवावे? तूर्त घराच्या माळ्यावर मंत्रांची एक मोडी पोथी सापडते, असे योजले आहे.

पहिले उत्तर (वडोदरा, निवृत्त संस्कृत अध्यापक)

सामग्री भरपूर आहे. मंत्र नव्याने रचू नयेत, असे मी सुचवीन. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातील १६८ वे सूक्त वाताचे आहे आणि त्याच्या शेवटच्या ऋचेत ‘घोषा इदस्य शृण्विरे न रूपं’ असे म्हटले आहे, म्हणजे त्याचा घोष ऐकू येतो, रूप दिसत नाही. वैशेषिक दर्शनाच्या तत्त्वज्ञांनी हीच अडचण तर्काने सोडवली: वायूला रूप नाही, म्हणून स्पर्श, शब्द, धृती (हलक्या वस्तू अधांतरी धरून ठेवणे) आणि कंप या चार खुणांवरून त्याचे अनुमान करायचे. आपल्या नायकाच्या शिक्षणाचे चार टप्पे येथे आयतेच मिळतात. धृती हा त्यांतला सर्वांत कठीण ठेवावा, कारण गवताची काडी किंवा ढग अधांतरी तोलून धरणे हे वारा नुसता सोडण्याहून अवघड आहे. चरकसंहिता या आयुर्वेदाच्या ग्रंथाच्या सूत्रस्थानातील ‘वातकलाकलीय’ अध्यायही पाहावा. न कोपलेला वायू पृथ्वी धारण करतो, अग्नी प्रज्वलित करतो. तोच कोपला की पर्वतांची शिखरे मोडतो, झाडे उपटतो, समुद्र खवळवतो. विद्येची किंमत काय, याचे उत्तर त्या एका अध्यायात आहे.

दुसरे उत्तर (इंदूर)

मला नायकापेक्षा त्याचा प्रतिपक्ष महत्त्वाचा वाटतो. भारतीय हवामान खात्याची स्थापनाही १८७५ चीच आहे, आणि १९०४ ते १९२४ या काळात त्याचे प्रमुख असलेले गिल्बर्ट वॉकर जगभरच्या वायुदाबाच्या नोंदींतून मॉन्सूनचे अनुमान काढीत होते. फिरत्या वाट्यांचे वातमापक यंत्र तर त्याआधीच प्रचारात होते. आमच्या शेजारच्या उज्जैनचे वराहमिहीर ‘बृहत्संहिते’त आषाढी पौर्णिमेच्या वाऱ्यावरून पाऊसपिकाचे भाकीत सांगतात, तेव्हा वातशास्त्री त्या परंपरेचा आणि समोर आकडे मांडणारा कारकून, असा सामना रंगेल. शिवाय वडोदऱ्याची कथा उत्तरायणाशिवाय, म्हणजे संक्रांतीच्या पतंगांच्या सणाशिवाय, लिहू नये. वारा पडला आणि सारे शहर पतंग हातात घेऊन गच्चीवर ताटकळत बसले, तर लोक कोणाच्या दारी जातील, हे उघड आहे. त्या दिवशी शास्त्र्याने नकार द्यावा.

तिसरे उत्तर (वडोदरा)

मोडी पोथीची कल्पना मला पटत नाही. मोडी ही दप्तराची, हिशेबाची, पत्रांची लिपी. वेदपाठी घरातील संस्कृत मंत्र बाळबोधीतच, म्हणजे देवनागरीतच, लिहिले जात. मोडीत त्याचा घरखर्च सापडू द्यावा. माळ्यावरचे गाठोडे ही तशीही फार वापरलेली युक्ती आहे.

वारशासाठी वडोदऱ्यातच याहून चांगला आधार आहे. गायकवाड ओरिएंटल सिरीज ही वडोद्याची प्राचीन ग्रंथांची प्रकाशनमाला १९१६ मध्ये राजशेखराच्या ‘काव्यमीमांसे’ने सुरू झाली आणि धारच्या भोजराजाचे ‘समराङ्गणसूत्रधार’ याच मालेत १९२४ व १९२५ मध्ये दोन खंडांत प्रसिद्ध झाले. त्या वेळी आपला नायक पन्नाशीच्या उंबरठ्यावर असेल. त्या ग्रंथात पाऱ्याच्या बळावर उडणाऱ्या लाकडी पक्ष्याचे वर्णन आहे. मात्र भोज स्पष्ट बजावतो, ‘यन्त्राणां घटना नोक्ता गुप्त्यर्थं नाज्ञतावशात्’. यंत्रांची जुळणी सांगितली नाही ती गुप्ततेसाठी, अज्ञानापोटी नव्हे. हे वाचून वातशास्त्र्याने वायुविद्येवरील आपल्या छापावयाच्या भाष्यातून धृतीचे प्रकरण स्वतःच्या हाताने काढून टाकले, तर पुढच्या पिढ्यांसमोर खरा वाद उभा राहतो: विद्या होती की नव्हती? शिष्यांत दोन तट पडतील आणि दोघांकडेही पुरावा तोच असेल, पृष्ठांकांत पडलेली फट.

प्रश्नकर्ता

सर्वांचा आभारी आहे. पोथी रद्द करीत आहे. काढून टाकलेल्या प्रकरणाची कल्पना स्वीकारतो, फक्त ते काढणारा स्वतः शास्त्री की त्याची मुलगी, जिने मुद्रिते (छपाईचे कच्चे खर्डे) तपासली, हे अजून ठरवायचे आहे. तूर्त माझा कल मुलीकडे आहे, कारण मग उत्तरायणाच्या दिवशीचा नकारही तिच्याच तोंडी घालता येईल.