कांद्याचं मार्मलेड : साखर-व्हिनेगर किती, आणि बाहेर टिकतं का?

रवाळ
टोस्ट-चीजबरोबर किंवा भाकरीला लावून खायला कांद्याचं मार्मलेड करायचं आहे. जॅमसारखं गोडमिट्ट नको, कांदा पुढे लागला पाहिजे. काही पाककृती 25 मिनिटं सांगतात, काही दीड तास. 1 किलोला साखर-व्हिनेगर किती? कांदा कोणता? बरणी फ्रिजबाहेर चालेल?

झारा
दीड तासच धरा. 25 मिनिटांत कांदा नुसता मऊ पडतो. कांद्यात नव्वद टक्क्यांच्या आसपास पाणी. ते आटेपर्यंत पातेल्यातलं तापमान 100 अंशांच्या वर फारसं जात नाही, त्यामुळे रंगही धरत नाही.

1 किलो कांदे (सोलून साधारण 900 ग्रॅम), 3 मोठे चमचे तेल, 1 छोटा चमचा मीठ, 80 ग्रॅम साखर, 100 मिली व्हिनेगर, 1 तमालपत्र, अर्धा छोटा चमचा भरड मिरी. तयार होतं जेमतेम 400 ग्रॅम. लोणी फ्रिजमध्ये गोठून पांढरं दिसतं, म्हणून तेलच बरं.

कांदा उभा चिरा, 3-4 मिमी जाड. आडवा चिरला तर लगदा होतो. मुळाकडचा टणक भाग काढा, नाहीतर पाकळ्या सुट्या होत नाहीत. जाड बुडाच्या स्टीलच्या पातेल्यात तेल, कांदा, मीठ, तमालपत्र घालून झाकण ठेवा. मंद आचेवर 20 मिनिटं. भरपूर पाणी सुटेल. मग झाकण काढून 40 मिनिटं परता, आधी अधूनमधून, रंग यायला लागला की हात न थांबवता. तळाला तपकिरी थर धरला की चमचाभर पाणी शिंपडून कालथ्याने खरवडा आणि कांद्यात मुरवा. खरी चव त्या थरात आहे. थर काळा पडला असेल तर मात्र हात लावू नका, वरचा कांदा अलगद दुसऱ्या भांड्यात काढून घ्या. करपलेलं खरवडलं की सगळंच कडू.

आता साखर, 5 मिनिटं. शेवटी व्हिनेगर आणि मिरी, आणखी 15-20 मिनिटं. व्हिनेगर आधी घालायची घाई नको. आंबटात कांद्यातलं पेक्टिन (पेशी एकत्र धरून ठेवणारा घटक) लवकर सुटत नाही, पाकळ्या कचकचीत राहतात. कालथा तळावरून ओढल्यावर रेघ दोन-तीन सेकंद उघडी राहिली की गॅस बंद. पातेल्यात थोडं सैल वाटलं पाहिजे, गार झाल्यावर आळतं.

मीठमिरी
सहमत. अ‍ॅल्युमिनियमचं पातेलं किंवा लोखंडी कढई वापरू नका, व्हिनेगरमुळे धातूची चव उतरते. लवकर रंग यावा म्हणून चिमूटभर सोडा घाला असं बऱ्याच ठिकाणी लिहिलेलं असतं, तो टाळा. कांद्याचा गाळ होतो आणि लाल कांदा हिरवट-करडा दिसायला लागतो.

कांदा उन्हाळी घ्या, साठवणीतला. पावसाळी कांद्यात पाणी जास्त, आटवायला वेळ लागतो आणि हाती कमी येतं. अलिबागचा पांढरा मिळाला तर तो मुळातच गोडसर, साखर 50 ग्रॅमवर आणा. गूळ घालायचा तर तेवढाच, पण आधी थोड्या पाण्यात विरघळवून गाळून घ्या.

फडताळ
बाहेर ठेवू नका, हे ठामपणे सांगते. कांदा मुळात कमी आंबट, त्यात तेल. घट्ट बंद बरणीत हवा नाही. बोटुलिझमच्या (जिवावर बेतू शकणाऱ्या अन्नविषबाधेच्या) जंतूंना हेच मानवतं, आणि त्यांचं विष वासाने किंवा चवीने ओळखू येत नाही. सामू (pH, आंबटपणाचं माप; आकडा जितका कमी तितकं आंबट) 4.6 च्या खाली, म्हणजे या जंतूंना न मानवण्याइतका, आहे याची खात्री घरी अंदाजाने होत नाही, आणि इथे व्हिनेगर चवीपुरतं आहे, लोणच्याइतकं नाही. बरणी 10 मिनिटं उकळून पूर्ण कोरडी करा, मार्मलेड गरम असतानाच भरा, वाफ जिरली की लगेच फ्रिजमध्ये. दोन-तीन आठवड्यांत संपवा, चमचा दर वेळी कोरडा.

रवाळ
व्हिनेगरऐवजी लिंबू किंवा चिंच?

झारा
लिंबू शिजवत राहिलं की कडवट होतं. घालायचंच तर गॅस बंद केल्यावर 2 मोठे चमचे रस, पण मग आठवडाभरच ठेवा. चिंचेने त्याची चटणी होते, कांदा मागे पडतो.

फडताळ
जास्त केलं असेल तर बर्फाच्या ट्रेमध्ये भरून गोठवा, घट्ट झाले की तुकडे पिशवीत काढा. तीन महिने चव नीट राहते. वापरताना तव्यावर चमचाभर पाण्याबरोबर मंद गरम करा.