मदत हवी आहे: सगळ्यांचे स्टेटस न विचारता साठवणाऱ्या मित्राला कसं सांगावं?

नमस्कार. मी बेळगावची, शहापूर भागातली. प्रश्न जरा लांबट आहे, पण सगळं सांगितल्याशिवाय नीट सल्ला मिळणार नाही.

आमच्या दहावीच्या वर्गाचा व्हॉट्सअ‍ॅप ग्रुप आहे. निम्मे इथंच, बाकीचे पुणे, बेंगळुरू, गोव्यात पांगलेत. मे महिन्यात सगळ्यांनी भेटायचं ठरलंय. ग्रुपमधला एक मित्र, कुणाच्याही घरी अडचण आली की पहिल्यांदा दारात उभा राहणारा, त्या दिवशी दाखवायला व्हिडिओ बनवतोय. त्यासाठी तो गेली काही वर्षं आम्हा सगळ्यांचे स्टेटस सेव्ह करत आलाय. परवा त्याने हौसेने एक तुकडा ग्रुपवर टाकला, तेव्हा हे कळलं.

तुकडा बघून आधी छानच वाटलं. शिवजयंतीचे चित्ररथ, कपिलेश्वर तलावावरचं विसर्जन, कुणाचं बाळ, कुणाचं नवं घर. मग एका मैत्रिणीच्या आईचा दवाखान्यातला फोटो आला. रक्त हवं होतं म्हणून तिने तो त्या दिवशी टाकला होता. आई आता नाहीत. त्यानंतर आला एका मित्राचा एक नोव्हेंबरचा स्टेटस, काळा शर्ट, हातात फलक. तो मित्र आज कर्नाटक सरकारच्या नोकरीत आहे.

बाहेरच्या वाचकांसाठी थोडं सांगते. १ नोव्हेंबर १९५६ला राज्यांची पुनर्रचना झाली आणि बेळगाव मुंबई राज्यातून तेव्हाच्या म्हैसूर, म्हणजे आजच्या कर्नाटक राज्यात गेलं. त्या दिवशी इथली मराठी माणसं काळा दिन पाळतात आणि त्याच दिवशी शहरात कर्नाटकच्या स्थापनेचा राज्योत्सवही असतो. राणी चन्नम्मा चौकात लाल-पिवळे झेंडे आणि गल्लीत काळे कपडे. १७ जानेवारीला हुतात्मा दिन, सीमालढ्यात गेलेल्यांच्या आठवणीचा. अशा दिवशी टाकलेला स्टेटस आमच्याकडे नुसता फोटो राहत नाही. शेजारी, दुकानदार, साहेब, सोयरे, सगळे त्यावरून माणूस कुठल्या बाजूचा ते ठरवतात. म्हणून बरेच जण 'यांना सोडून' असं निवडून टाकतात आणि चोवीस तासांनी तो आपोआप जाईल या भरवशावर असतात. आमच्या वर्गात कन्नड घरातलेही दोघे आहेत. त्यांचे राज्योत्सवाचे स्टेटसही त्या साठ्यात असणार, आणि ते मराठी गल्लीत फिरले तर त्यांनाही तितकंच अवघड जाईल.

माझं म्हणणं असं. स्टेटस टाकताना माणूस दोन गोष्टी ठरवतो, कुणी बघायचं आणि किती वेळ. दुसऱ्याने तो आपल्या फोनमध्ये घेतला की दोन्ही गोष्टी त्याच्या हातून जातात आणि त्याला कळतही नाही. जवळचा मित्र असला तरी त्यानं आधी विचारायलाच हवं असं मला मनापासून वाटतं.

अडचण अशी की मित्राचा हेतू अगदी स्वच्छ आहे. ग्रुपवर बोलले तर तो दुखावेल आणि व्हिडिओच सोडून देईल. न बोलावं तर त्या नोकरीवाल्या मित्राची झोप उडालेली मला दिसतेय. त्याने मला वेगळा फोन केला होता. ग्रुपवर तो एक अक्षर बोललेला नाही.

आणखी एक, याच्याशीच जोडलेलं. खानापूर तालुक्यातली आमची एक मैत्रीण आपल्या आज्जीच्या जात्यावरच्या ओव्या स्टेटसला टाकते. अर्ध्या मिनिटाचा तुकडा, दुसऱ्या दिवशी गायब. त्या ओव्या पुन्हा कुठं ऐकायला मिळणार? मला त्या जपून ठेवायच्या आहेत. कुणाला विचारायचं, मैत्रिणीला की आज्जीला? आणि कसं?

वेदगंगाकाठ (निपाणी)

ताई, मोबाइल दुरुस्तीचं दुकान आहे, म्हणून आधी यंत्राचं सांगतो.

व्हॉट्सअ‍ॅपवर कुणी आपल्या स्टेटसचा स्क्रीनशॉट घेतला तर आपल्याला काहीही कळत नाही. इन्स्टाग्रामच्या स्टोरीचंही तसंच. स्नॅपचॅट मात्र समोरच्याला कळवतं. अँड्रॉइडमध्ये आपण बघितलेला स्टेटस एका लपलेल्या फोल्डरमध्ये काही वेळ पडून असतो, आणि ती 'स्टेटस सेव्हर' अ‍ॅप्स तिथूनच उचलतात. निळ्या टिका बंद ठेवणाऱ्याचं नाव 'कुणी बघितलं' यादीतही येत नाही. म्हणजे चोवीस तासांनी स्टेटस दिसायचा थांबतो, एवढंच खरं. कुणाकडे प्रत राहिली ते टाकणाऱ्याला शोधता येत नाही.

त्या अ‍ॅप्सबद्दल तुमच्या मित्राला जरूर सांगा. त्यातली बरीचशी कुणी बनवली याचा पत्ता नसतो आणि ती फोनमधल्या सगळ्या फाइल्सची परवानगी मागतात. गिऱ्हाइकाच्या फोनमध्ये दिसली की मी काढून टाकायला सांगतो. त्यात स्वतःचे फोटो असतातच, वर आता इतरांच्या पोराबाळांचेही.

प्रायव्हसीत तीन पर्याय आहेत: सगळे कॉन्टॅक्ट, काही जण सोडून, फक्त निवडलेले. बदल केला तरी तो पुढच्या स्टेटसला लागू होतो, आधी टाकलेल्याला नाही.

बाकी तुमची काळजी रास्त आहे. जून २०२३मध्ये कोल्हापुरात काही जणांच्या स्टेटसवरून किती पेटलं ते आम्ही निपाणीकरांनी जवळून बघितलंय. इंटरनेट बंद, दुकानं बंद.

जुना_वाचक

थोडं वेगळं मत. दोनशे लोकांना दाखवलं ते खासगी कसं? ज्याला भीती आहे त्याने टाकूच नये. मित्र एवढ्या आपुलकीने आठवणी गोळा करतोय, त्याला आरोपीच्या पिंजऱ्यात कशाला उभं करता?

मलप्रभा (खानापूर)

जुना_वाचक, गल्लीत हळदीकुंकवाला बोलावलं म्हणून कुणी घरातलं बोलणं टेप करून नेत नाही. बघायला बोलावणं वेगळं.

धागाकर्तीला, आज्जीबद्दल. आज्जीलाच विचारा, आणि मैत्रिणीलाही. मी हे ठामपणे सांगते, कारण माझ्या आत्यांच्या ओव्या आम्ही घरात लिहून काढल्या तेव्हा एक गोष्ट ध्यानात आली. जात्यावरच्या ओवीत देव येतो, माहेर येतं, तसाच सासुरवासही येतो. नावं घेऊन येतो. जावेनं काय केलं, नणंदेनं काय म्हटलं, नवरा कुठं जायचा. बाईला दुसरीकडं बोलायला जागा नव्हती, म्हणून ती पहाटे जात्याशी बोलली. आज्जीनं ते नातीपुढं गायलं. नातीनं ओळखीच्या चार जणांना दाखवलं. त्या जावेची नातवंडं त्याच गावात आहेत आणि त्यांच्याकडेही व्हॉट्सअ‍ॅप आहे. आमच्या आत्यांनी काही ओव्या 'ह्या ऱ्हाऊ दे घरातच' म्हणून बाजूला काढायला लावल्या. त्यातल्या दोन तर सगळ्यांत सुंदर होत्या. आम्ही त्या कुणाला दिल्या नाहीत.

म्हणून नुसतं 'ठेवू का' एवढं विचारून भागत नाही. कशासाठी ठेवणार, पुढं कुणाला ऐकवणार, तेही सांगा. मी असा मेसेज केला असता:

'अगं, आज्जीची कालची ओवी लई आवडली. माझ्याजवळ ठेवायची इच्छा आहे, ऐकायला, दुसरीकडं कुठं पाठवणार नाही. आज्जीला विचारून सांगशील? नको म्हणाल्या तरी मला काही वाटणार नाही.'

शेवटचं वाक्य गाळू नका. आपल्याकडे नाही म्हणायला माणसाला फार जड जातं. आणि जमलं तर एक दिवस खानापूरला याच. आज्जीपुढं बसून, तिला फोन दाखवून, तिच्या मर्जीनं सगळ्या ओव्या नीट रेकॉर्ड करा. स्टेटसच्या छोट्या तुकड्यात ओवी कापली जाते, कधी शेवटचा चरणच नसतो.

कोर्टगल्ली

कायद्याचं थोडक्यात. सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींच्या पीठाने २४ ऑगस्ट २०१७ला खासगीपणा हा मूलभूत हक्क आहे असं सांगितलं. पण २०२३चा डिजिटल वैयक्तिक डेटा संरक्षण कायदा माणसाच्या वैयक्तिक किंवा घरगुती वापराला लागू होत नाही. त्यामुळे मित्राने नुसतं फोनमध्ये ठेवलं म्हणून त्या कायद्याखाली काही होणार नाही. फोटोचा कॉपीराइट मात्र साधारणपणे काढणाऱ्याचा असतो, सेव्ह करणाऱ्याचा होत नाही. कुणी असं साहित्य वापरून धमकावलं तर १९३० ही आर्थिक फसवणुकीची हेल्पलाइन त्यासाठी नव्हे. राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवर किंवा जवळच्या पोलीस ठाण्यात तक्रार द्यावी. तुमच्या प्रकरणात मित्राशी बोलून मार्ग निघेल, इथवर जायची वेळ येऊ नये.

सरकारी नोकराला वर्तणुकीचे नियम असतात. जुना फोटो आज काढला असं समजून कुणी तक्रार केली, तर तारीख सिद्ध करत बसावं लागेल. तो फोटो आधी व्हिडिओतून काढून टाका.

धागाकर्ती

सगळ्यांचे आभार. मलप्रभाताई, जावेच्या नातवंडांचं माझ्या डोक्यातच आलं नव्हतं. मैत्रिणीला तुमचाच मेसेज पाठवला. आज्जींनी 'ये म्हणावं की तिला' असा निरोप दिलाय. पेरणीच्या आधी जाणार आहे.

जुना_वाचक, तुमचा राग मित्राच्या बाजूने आहे हे समजतं. माझाही जीव त्याच्यात आहे, म्हणून ग्रुपवर न बोलता त्याच्या घरी गेले. आधी तो गप्प झाला. 'मी काय चोर आहे व्हय?' म्हणाला. मी म्हटलं, तुझ्यावर सगळ्यांचा भरवसा आहे, पण तुझ्या फोनवर आणि ग्रुपमधल्या पन्नास फोनांवर नाही. एक नोव्हेंबरच्या फोटोबद्दल सांगितल्यावर त्याचा चेहरा उतरला. त्याला खरंच सुचलं नव्हतं.

मग आम्ही दोघांनी असं ठरवलं. तो प्रत्येकाला त्याचेच स्टेटस वेगळे पाठवणार आणि 'यातले कुठले घेऊ?' विचारणार. उत्तर आलं नाही तर तो फोटो घ्यायचा नाही. लहान मुलांचे फोटो आईवडील दोघांच्या होकाराने. दवाखान्यातले एकही नाही. पहिल्याच संध्याकाळी सहा-सात जणांनी स्वतःहून जास्तीचे जुने फोटो पाठवले, शाळेच्या सहलीचे, जे कुणी कधी स्टेटसला टाकलेच नव्हते. व्हिडिओ आता आधीपेक्षा चांगला होईल असं तोच म्हणतोय.

एक प्रश्न उरलाय. ग्रुपवर टाकलेला तो तुकडा त्याने 'सगळ्यांसाठी डिलीट' केला. पण काही जणांच्या गॅलरीत तो आधीच उतरला असणार. पुण्यातल्या दोघांच्या फोनमधून तर सगळं आपोआप गुगल फोटोजवर जातं. त्यांना नेमकं काय करायला सांगू?

वेदगंगाकाठ (निपाणी)

गॅलरीतून काढायला सांगा, मग गुगल फोटोज उघडून तिथून, आणि मग त्यातल्या 'बिन'मधूनही. बॅकअप झालेली फाइल बिनमध्ये ६० दिवस पडून राहते, परत आणताही येते. शिवाय व्हॉट्सअ‍ॅपमध्ये त्या ग्रुपपुरतं मीडिया गॅलरीत दिसणं बंद करता येतं, ग्रुपच्या माहितीत जाऊन. तेही सगळ्यांना सांगा. आणि मित्राला म्हणावं, सेव्हर अ‍ॅप काढल्यावर त्याने बनवलेलं फोल्डर फोनमध्ये तसंच राहू शकतं. फाइल मॅनेजरमधून हातानं शोधून काढावं लागेल. जमत नसेल तर निपाणीला आल्यावर दुकानात या म्हणावं, मी करून देतो.