उन्झेन, १९९१: मोठा स्फोट नसताना ४३ जण कसे गेले?

अभ्रक: जपानमधल्या क्युशू बेटावरच्या उन्झेन ज्वालामुखीबद्दल विचारतोय. ३ जून १९९१ ला नुसता लाव्हाच्या घुमटाचा भाग कोसळला. गेलेली माणसं तर मिझुनाशी नदीच्या पात्रात नव्हती, बाजूच्या उंचवट्यावर होती. मग ती त्या लोटाच्या तावडीत सापडली कशी?

काळाकातळ: हा लाव्हा डेसाइट नावाच्या खडकाचा, त्याला चिकट करणारी सिलिका ६५ टक्क्यांच्या आसपास. इतका चिकट की वाहत नाही, तोंडाशीच साचतो. २० मेला घुमट दिसला, तोही फुगेन शिखराजवळ, पूर्वेच्या उताराच्या डोक्यावर. वरचं कवच थंड, तडकलेलं. आत शेकडो अंशांची धग. पुढची कड उतारावर लोंबली की स्वतःच्या वजनाने तुटते. ढेकळाच्या बारीक छिद्रांत वायू कोंडलेला असतो. ढेकूळ फुटलं की तो सुटतो आणि खडकाची पडता पडताच राख होते. खालून धक्का लागतच नाही.

तुटलेल्या घुमटाचा राख, वायू आणि धोंड्यांचा तापलेला लोट उतारावरून सुटतो, त्याचे दोन भाग धरा. मोठे धोंडे तळाशी, ते दरी सोडत नाहीत. वर तापलेला वायू आणि बारीक राख यांचा ढग असतो. दरी वळली तरी तो वळत नाही, सरळ काठावर चढतो. माणसं गेली ती या ढगात. २४ मेपासून लहान लोट येतच होते, पण कालचा लोट कुठे थांबला यावरून उद्याची हद्द ठरवता येत नाही. जीवघेणी चूक होते ती इथेच.

शिलारस: स्फोट का नाही, तर वर येतानाच बराचसा वायू नळीच्या, म्हणजे शिलारस वर येतो त्या वाटेच्या, भिंतींतून झिरपून गेला. २००४ मध्ये शास्त्रज्ञांचं छिद्रण (खोल भोक पाडणं) त्या नळीपर्यंत पोचलं, तेव्हा तिथे २०० अंशसुद्धा नव्हते! घुमटाची वाढ थांबून जेमतेम नऊ वर्षं झाली होती. भूजलाने ती इतकी निववली.

आणि उन्झेन म्हणजे एक शंकू नव्हे, खचदरीत (जमीन खचून झालेल्या दरीत) दाटीने उगवलेले घुमट आहेत. त्यातला मायुयामा १७९२ मध्ये भूकंपाने ढासळला, उद्रेक न होताच. दरड आरिआके समुद्रात गेली, त्सुनामी उठली, सुमारे १५,००० माणसं गेली. जुना घुमट निवलेला असला तरी ठिसूळ असतो, हे विसरू नका.

अभ्रक: ढगाचा मुद्दा आता नीट कळला. १९९५ मध्ये घुमटाची वाढ थांबली, मग धोका संपला म्हणायचा का?

काळाकातळ: नाही. उतारावर सुटी राख आणि धोंडे आहेत, जोराचा पाऊस झाला की त्याचा चिखललोट होतो. नव्या घुमटाचा, म्हणजे १,४८३ मीटरच्या हेइसेइ शिन्झानचा, पूर्वेकडचा भाग अजून हळूहळू सरकतोय. त्यावर नजर ठेवलेली आहे.