जैत रे जैत : तुम्हाला चिंधी आधी कुठे भेटली?

गोनीदांची (गो. नी. दांडेकर) कादंबरी, जब्बार पटेलांचा १९७७ चा चित्रपट, ना. धों. महानोरांचे शब्द, हृदयनाथ मंगेशकरांचं संगीत. यातलं तुमच्यापर्यंत आधी काय पोहोचलं आणि मग बाकीचं शोधलंत का, ते सांगा. नुसतं ‘अप्रतिम!’ लिहून पळू नका.

ज्यांना गोष्ट ठाऊक नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. पनवेलजवळच्या कर्नाळा किल्ल्याच्या परिसरातली ठाकर आदिवासींची वाडी. भगताचा, म्हणजे वाडीच्या देवऋषाचा मुलगा नाग्या सरळमार्गी आणि देवाला मानणारा. राणीमाशी डसून त्याचा डोळा जातो. आपण काही पाप केलं नसताना हे का झालं, हा प्रश्न त्याला सोडत नाही, आणि लिंगोबाच्या डोंगरावरची मोहोळं उतरवायचीच असा पण तो करतो. चिंधी लग्न झालेली, नवऱ्याकडे नांदायला तयार नसलेली. ती नाग्यावर जीव लावते आणि त्याच्या वेडातही सामील होते. नाग्या मोहन आगाशे, चिंधी स्मिता पाटील. पुढे शेवट फुटणार आहे, तेव्हा न पाहिलेल्यांनी इथूनच मागे फिरावं.

माझं मत आधीच सांगून टाकते : गोष्ट नाग्याची असली तरी चित्रपट चिंधीनं पळवलाय. आता भांडा. आलेली उत्तरं खाली देते, कंसातलं बोलणं माझं.

पेण, निवृत्त शिक्षिका

आमच्या आळीत एकच टीव्ही होता, त्यामुळे चित्रपट म्हणजे अर्धी आळी एका खोलीत. माझं लग्न जमवायची खटपट चालली होती ते दिवस. चिंधी नवऱ्याला धुडकावते तिथे खोलीत चुळबुळ सुरू झाली. आई म्हणाली, “बाई धीट आहे, पण असली सून नको गं बाई.” आत्या भिंतीला टेकून बसली होती, ती म्हणाली, “सून कशाला, लेक चालली असती मला.” आत्याला सासरहून परत पाठवलेलं होतं. तिच्या तोंडून त्या विषयावर आम्ही कधी अक्षर ऐकलं नव्हतं. ठाकरांमध्ये काडीमोड घेऊन दुसरा घरोबा करता येतो, हे आमच्या सोवळ्या घराला त्या दिवशी कळलं. चित्रपट चांगला की वाईट ते मला सांगता येणार नाही. मी पडद्याकडे कमी आणि आत्याकडे जास्त पाहत होते.

डोंबिवली, डोंगर भटकणारा

मी गाणी ऐकून होतो, चित्रपट कर्नाळ्याला जाऊन आल्यावर पाहिला. अंगठ्यासारखा तो सुळका मुंबई-गोवा रस्त्यावरून दिसतो, पण त्याच्या बुडाशी उभं राहून मान वर केली की कातळाला लटकलेली आग्या मोहोळं दिसतात आणि पोटात गोळा येतो. ही आग्या माशी पेटीत पाळता येत नाही. उघड्यावर, कड्याला किंवा उंच झाडाला एकच भलंमोठं मोहोळ बांधते. एक माशी डसली की त्या वासानं बाकीच्या तुटून पडतात. म्हणून मध काढणारे रात्री, अंधारात, धूर करून दोरावरून उतरतात. तिथे जाणाऱ्यांना हात जोडून विनंती : अत्तर फासून जाऊ नका, विडी-सिगारेट पेटवू नका, आरोळ्या ठोकू नका.

एक खुसपट काढतोच. राणीमाशी माणसाला डसायला बाहेर पडत नाही, तिची नांगी दुसऱ्या राणीशी झुंजायला असते. पण कामकरी माशीवर सूड उगवणारा नायक कोण बघणार? गोनीदांना हे माफ.

पुणे

मला चित्रपट आवडला नाही आणि तसं लिहायची सोय कुठेच नसते, म्हणून इथे लिहितोय. ‘घाशीराम कोतवाल’ नाटकातले नाना फडणवीस, म्हणजे आगाशे, लंगोटी लावून डोंगर चढतात, त्याच नाटकातले चंद्रकांत काळे आणि रवींद्र साठे गाताहेत. दिग्दर्शक डॉक्टर, नायकही डॉक्टर. सगळे गुणी, पण सगळे नाटकातून उठून आलेले. ठाकरांची गोष्ट ठाकरांशिवाय सांगितलीय. निळू फुल्यांचा भगत मात्र खरा वाटला, ते कबूल.

(या आक्षेपात दम आहे. फक्त गाण्यांनी गोष्ट पुढे नेण्याची रीत नाटकवाल्यांना सुचली नसती तर चित्रपट इतका वेगळा झाला असता का, असं मला वाटतं. पुढे चला.)

कर्जत तालुका, आश्रमशाळेतला शिक्षक

वरच्या पुणेकर दादांसाठी. आमच्या शाळेत बरीच मुलं ठाकरवाड्यांवरची. एका पावसाळ्यात लॅपटॉपवर दाखवला. मला वाटलं होतं मुलं भारावतील. ती खो खो हसली! कुणाचं नेसणं चुकलंय, कुणाला लाकडं उचलता येत नाहीत, कोण शहरातल्यासारखं चालतं, सगळं त्यांनी पकडलं. ढोल सुरू झाला तशी मागची पोरं बाकावर ताल धरायला लागली, मग मी दटावणंही सोडून दिलं. मोहोळाच्या प्रसंगाला मात्र वर्ग चिडीचूप. ज्याचा बाप मध काढायला जातो असा एक मुलगा एवढंच म्हणाला, “दोर कोणी धरलाय ते दाखवत नाहीत, गुरुजी.” मी तो प्रसंग तेव्हापासून त्याच नजरेनं बघतो. आगाशे-स्मिता पाटील यांच्याबद्दल मुलांना विचारलं, तर ‘बाई भारी आहे’ असा निकाल मिळाला.

नाशिक, गाणं शिकवते

स्पर्धेत दरवर्षी कुणीतरी चिमुरडी ‘मी रात टाकली’ म्हणायला उभी राहते. गजरा, नऊवारी, हातवारे. पालक कौतुकानं चित्रण करत असतात. त्या गाण्यात एक भरात आलेली बाई काय बोलतेय ते घरात कुणी नीट ऐकलेलंच नसतं. मी परीक्षक असले की मान खाली घालून गुण देते.

मला स्वतःला ‘जांभुळपिकल्या झाडाखाली’ गळ्यात बसायला फार दिवस लागले. आशाबाईंच्या (आशा भोसले) जागा घोटून येतात, अडतं ते ढोलापाशी. मंचावर तबला आणि कीबोर्ड घेऊन म्हटलं की त्याचं सभ्य भावगीत होतं. नाग्या भगताच्या घरातला, ढोल त्याच्या घराण्याचा. चिंधी ज्याच्यावर भुलते तो आवाज काढून टाकलात तर ती भुलते कशावर? महानोर पळसखेडचे शेतकरी कवी, त्यांचं रान अजिंठ्याकडचं, कर्नाळ्याचं नव्हे. तरी ‘नभ उतरू आलं’ ऐकताना कोकणातला पाऊस दिसतो, याचं उत्तर माझ्याकडे नाही.

कोल्हापूर

गोनीदांची लेक वीणा देव आणि जावई विजय देव गोनीदांच्या कादंबऱ्यांचं अभिवाचन करायचे. त्यातलं एक ऐकून आलो आणि वाचनालयातून ‘जैत रे जैत’ आणली, चित्रपट पाहून बरीच वर्षं झाल्यावर. वाचताना स्मिता पाटीलचा चेहरा हटेना, हा चित्रपट आधी पाहण्याचा तोटा. पण पुस्तकात नाग्याचं देवाशी चाललेलं भांडण मला जास्त भिडलं. गोनीदा रानात राहून, गडकोट पायी तुडवून लिहिणारे. झाडं, माश्या, वाटा ते शोभेला आणत नाहीत.

शेवट मात्र मला पटत नाही. नाग्या जिंकतो आणि माश्या डसून चिंधी जाते, तीही पोटुशी असताना. हट्ट त्याचा आणि किंमत तिनं भरायची?

पेणच्या बाई पुन्हा

कोल्हापूरकर दादा, तुमचा राग कळतो. पण तिला बिचारी करू नका. डोंगराखाली उभं राहून ‘नको जाऊस’ म्हणणारी ती नव्हेच. त्या मोहोळांचं वेड नाग्याइतकंच तिलाही लागलं होतं. जिथे मार बसणार हे दिसत होतं, तिथे ती स्वतःहून गेली. आमची आत्या म्हणाली होती, “निदान मेली ती आपल्या मर्जीच्या माणसापायी.” मला तेव्हा ते फार कडवट वाटलं होतं. आजही वाटतं, पण खोटं म्हणवत नाही.